खिडक्यांना पुरेशी, भिंतींना अपुरी : युक्रेनची ‘येविद्नोव्लेन्या’ घरदुरुस्ती सेवा

२४ फेब्रुवारी २०२२ नंतर रशियन हल्ल्यांत ज्यांची घरं मोडली त्यांना दुरुस्तीचे पैसे, आणि घर उरलंच नसेल तर दुसरं घर घेण्यासाठी रक्कम देणारी युक्रेन सरकारची सेवा म्हणजे येविद्नोव्लेन्या. ती ‘दिया’ या सरकारी ॲपमधून चालते. जागतिक बँक, युरोपियन कमिशन, संयुक्त राष्ट्रं आणि युक्रेन सरकार यांच्या फेब्रुवारी २०२५ च्या संयुक्त पाहणीनुसार देशातल्या १३ टक्के घरांना झळ पोचली आहे, म्हणजे २५ लाखांहून जास्त कुटुंबं. युद्ध संपलेलं नाही, क्षेपणास्त्रं अजून पडतात, आणि तरी घरमालकाच्या खात्यात दुरुस्तीचे पैसे जमा होतात. ही साधी गोष्ट नाही, आणि या सेवेचं मोल ठरवताना ती विसरून चालणार नाही.

पण सेवा वापरायची म्हणजे तिच्या मर्यादा नीट ठाऊक हव्यात. स्फोटाच्या दाबाने काचा, दारं, छप्पर गेलं असेल तर ही सेवा उत्तम आहे. भार पेलणाऱ्या भिंती फाटल्या असतील तर मिळणारी रक्कम बहुतेक वेळा कमी पडते. आणि घर आपल्या नावावर असल्याची नोंद सरकारी संगणकात नसेल, तर अर्ज पहिल्याच पायरीवर अडतो.

सेवेचे दोन भाग आहेत. मोडलेल्या पण दुरुस्त होऊ शकणाऱ्या घरांचा भाग १० मे २०२३ पासून सुरू आहे. पूर्ण नष्ट झालेल्या घरांचा भाग त्यानंतर त्याच वर्षी ऑगस्टमध्ये सुरू झाला. दोन्हींचा पाया २३ फेब्रुवारी २०२३ ला संमत झालेल्या कायद्यात आहे. आपलं घर कोणत्या भागात बसतं हे मालक ठरवत नाही, स्थानिक समिती ठरवते. अर्ज भरताना मात्र मालकाला दोहोंपैकी एक निवडावा लागतो, आणि इथे बरेच जण गोंधळतात. छप्पर नाही, एक भिंत पडली, पण पाया आणि बाकीच्या भिंती धड आहेत, असं घर कागदोपत्री ‘नष्ट’ ठरेलच असं नाही. दुरुस्ती तांत्रिकदृष्ट्या शक्य नाही किंवा ती करण्यात अर्थ नाही, असं तज्ज्ञाने लिहून द्यावं लागतं.

सगळ्यात आधी कागद. युक्रेनमध्ये मालमत्तेच्या हक्कांची इलेक्ट्रॉनिक नोंदवही १ जानेवारी २०१३ पासून चालू आहे. त्याआधी घेतलेलं किंवा खाजगी मालकीत आलेलं घर बहुधा बेतेई नावाच्या जुन्या मोजणी-नोंदणी कार्यालयाच्या कागदी दप्तरात असतं. दिया ॲप इलेक्ट्रॉनिक नोंदवही वाचतं, कागदी दप्तर वाचत नाही. त्यामुळे ॲपमध्ये मालमत्तेची यादी उघडली आणि घर दिसलं नाही, तर घाबरायचं कारण नाही. घराचं मूळ कागदपत्र घेऊन नोटरीकडे किंवा त्स्नाप या नागरी सेवा केंद्रात जायचं आणि हक्क नव्या नोंदवहीत चढवून घ्यायचा. मूळ कागद जळला असेल तर त्याची प्रत मिळवावी लागते, आणि ज्या शहरातलं दप्तरच गोळीबारात गेलं किंवा रशियाच्या ताब्यात गेलं, तिथे हे काम लांबतं, कधी कोर्टापर्यंत जातं. खेड्यांत वेगळी अडचण आहे. आजोबांचं घर, नातू राहतो, वारसाहक्क कुणी कधी नोंदवलाच नाही. असं घर आधी वारसाच्या नावावर करून घ्यावं लागतं, त्यानंतर अर्ज. ज्यांचं घर अजून शाबूत आहे त्यांनीही ही नोंद आजच तपासावी. हल्ल्यानंतर तपासायला घेतली की महिने जातात.

कागद सरळ असतील तर पुढचं काम सोपं आहे. बँकेच्या ॲपमधून ‘येविद्नोव्लेन्या’ नावाचं विशेष खातं उघडायचं. ओश्चादबांक, प्रिवातबांक आणि इतर काही बँका ते देतात. मग दियामध्ये आधी नुकसानीची सूचना आणि नंतर भरपाईचा अर्ज, दोन्ही ॲपमधल्याच इलेक्ट्रॉनिक सहीने. काय मोडलं आहे ते प्रश्नावलीत टिपायचं : खिडक्या, दारं, छप्पर, भिंती, आतल्या जोडण्या. स्मार्टफोन नसलेल्या वृद्धांसाठी त्स्नाप आणि नोटरी यांच्याकडूनही अर्ज करता येतो, आणि तिथला कर्मचारी सगळं भरून देतो. ही सोय मनापासून दाद देण्याजोगी आहे, कारण सीमेलगतच्या गावांत मागे राहिलेले बहुतेक लोक म्हातारेच आहेत.

आता पंचनामा. अर्जानंतर स्थानिक परिषदेची समिती घरी येते, तपासणी-यादीवर एकेक वस्तू नोंदवते आणि निर्णय देते. मुदत साधारण ३० दिवसांची आहे, पण सुरक्षित पोचता येत नसेल किंवा तांत्रिक तपासणी मागवावी लागली तर घड्याळ थांबतं. संपूर्ण प्रक्रियेत सगळ्यात जास्त फरक याच टप्प्यावर पडतो. भरपाईची रक्कम मालकाच्या बिलांवरून ठरत नाही. समितीने यादीत लिहिलेल्या मापांना ठरावीक दर लावून ती निघते. म्हणजे यादीतून एक खिडकी सुटली की तिचे पैसे गेले. म्हणून समिती येण्याआधी प्रत्येक खोलीच्या चारही भिंतींचे फोटो, प्रत्येक खिडकीचं उंची-रुंदीचं माप, आणि मोडलेल्या वस्तूंची खोलीवार यादी तयार ठेवावी. समितीच्या माणसाबरोबर घरभर फिरावं. वरच्या मजल्यावरचा पोटमाळा, तळघर, पायऱ्यांवरचं छत, या जागा हमखास राहून जातात. भिंतीला बारीक तडा असेल तर तो बोट ठेवून दाखवावा, कारण गिलाव्याचा तडा आणि भिंतीचा तडा यांतला फरक रकमेचा गट बदलू शकतो.

तोवर घर तसंच उघडं ठेवायचं का? नाही. पाऊस आत येऊ दिला तर नुकसान दुप्पट होतं. खिडक्यांना जाड प्लास्टिक किंवा लाकडी तक्ते, छपराला ताडपत्री, एवढं लगेच करावं. फक्त झाकण्याआधी फोटो काढावेत, आणि मोडलेल्या चौकटी समिती पाहून जाईपर्यंत फेकू नयेत. हिवाळा असेल तर पाण्याच्या आणि तापवणीच्या नळ्या रिकाम्या करणं हे प्लास्टिक लावण्याइतकंच निकडीचं आहे. काचा गेलेल्या खोलीत रेडिएटरमधलं पाणी गोठलं की लोखंड फुटतं, आणि बर्फ वितळल्यावर खालचे मजलेही भिजतात. स्फोट न झालेली कोणतीही वस्तू मलब्यात दिसली तर हात न लावता १०१ वर आपत्ती सेवेला कळवायचं. सुरुंग-पथकाने जागा मोकळी केल्याशिवाय मलबा उचलायचाच नाही, समितीची कितीही घाई असली तरी.

रक्कम किती? घरातल्या खिडक्या, दारं, छप्पर अशा नुकसानीला कमाल २ लाख रिव्निया (युक्रेनचं चलन). भार पेलणारे भागही दुरुस्त करायचे असतील तर फ्लॅटला कमाल ३ लाख ५० हजार आणि स्वतंत्र घराला ५ लाख रिव्निया. ही वरची मर्यादा आहे, मिळणारी रक्कम मापांनुसार खाली येते. एका दोन खोल्यांच्या फ्लॅटच्या सगळ्या खिडक्या आणि दार यांना ती पुरते. पण विटांच्या घराचा कोपरा नव्याने उचलायचा, वर काँक्रीटचा पट्टा ओतायचा, छपराची लाकडी चौकट बदलायची, तर ५ लाख कुठल्या कुठे जातात. जे लोक ही रक्कम ‘पूर्ण घर’ समजून काम काढतात ते अर्ध्यात अडकतात. भिंती आणि छप्पर यांना प्राधान्य द्यायचं आणि आतली सजावट पूर्ण बाजूला ठेवायची, एवढीच ही रक्कम वापरण्याची शहाणी रीत आहे.

पैसे विशेष खात्यातच राहतात. रोख काढता येत नाहीत, कुणाच्या खात्यावर पाठवता येत नाहीत. कार्यक्रमात नोंदलेल्या दुकानांत आणि कंत्राटदारांकडेच ते खर्च होतात. एपित्सेंत्रसारखी बांधकाम-साहित्याची मोठी साखळी त्यात आहे, आणि छोट्या गावांतली दुकानंही हळूहळू आली आहेत. चांगली गोष्ट म्हणजे पैसा भलतीकडे जात नाही. वाईट गोष्ट म्हणजे गावातला जो हुशार सुतार नोंदलेला नाही त्याला या खात्याच्या कार्डातून मजुरी देता येत नाही. यावर लोकांनी शोधलेला मार्ग असा : साहित्य कार्डाने घ्यायचं आणि सुताराची मजुरी खिशातून द्यायची. नोंदलेल्या कंत्राटदाराला काम दिलं तर मजुरीचा काही भाग आधी आणि उरलेला काम पूर्ण झाल्याच्या दाखल्यावर जातो. म्हणून करारात प्रत्येक काम मापासकट लिहून घ्यावं. ‘खिडक्या बसवणे’ असं मोघम लिहिलेल्या करारावर नंतर उंबरठे आणि पत्र्याच्या पट्ट्या वेगळ्या पैशांनी लावून घ्याव्या लागतात.

खिडक्यांबद्दल थोडं सविस्तर, कारण या सेवेतला मोठा खर्च तिथेच होतो. दाबाच्या लाटेने नुसती काच गेली की चौकटही सरकली, हे आधी पाहायचं. चौकटीचे दोन्ही कर्ण मोजायचे. दोघांत काही मिलिमीटरपेक्षा जास्त फरक असेल, किंवा पल्ला बंद करताना घासत असेल, तर फक्त काच बदलणं वाया जातं, पुढच्या थंडीत तिथून वारा येतो. चौकट सरळ असेल तर नुसता काचेचा संच बदलून निम्म्याहून जास्त पैसे वाचतात आणि ते छपराकडे वळवता येतात. युक्रेनच्या हिवाळ्याला तीन काचांचा, ३२ मिलिमीटर जाडीचा संच साधारण योग्य ठरतो. जुन्या, अरुंद चौकटीत तो बसत नाही, तिथे २४ मिलिमीटरचाच बसतो, हे मागवण्याआधी पाहून घ्यावं. माप घेणाऱ्याला बोलावण्याआधी खिडकीभोवतीचा सैल गिलावा पाडून टाका. कडा तशाच ठेवून घेतलेलं माप नंतर चुकतं, आणि चुकीच्या मापाची तयार खिडकी कुणी परत घेत नाही.

बसवताना भिंत आणि चौकट यांच्यात भरायचा फोम थंडीत वेगळा लागतो. शून्याखाली साधा फोम नीट फुगत नाही आणि नंतर आकसतो, म्हणून डब्यावर हिवाळी प्रकार लिहिलेला पाहून घ्यावा. आतून बाष्प अडवणारी पट्टी, बाहेरून बाष्प बाहेर सोडणारी पट्टी, आणि उघडा फोम उन्हात न ठेवणं, ही तीन कामं घाईत राहतात. बाहेरचा फोम उघडा राहिला तर काही महिन्यांत पिवळा पडून भुगा होतो. आणखी एक धोक्याची गोष्ट. जुन्या फ्लॅटमध्ये गॅसवर चालणारं पाणी तापवण्याचं यंत्र असतं, त्याला खोलीतली हवा लागते. जुन्या लाकडी खिडक्यांच्या फटींतून ती येत असे. नव्या प्लास्टिक खिडक्या पूर्ण बंद होतात, धुराड्याची ओढ उलटते आणि कार्बन मोनॉक्साइड खोलीत साचतो. अशा घरात हवा आत येण्याचा झडपेचा मार्ग खिडकीबरोबरच बसवून घ्यावा आणि धुराडं तपासून घ्यावं. या खर्चाचं कलम समितीच्या यादीत नसलं तरी तो टाळू नये. पुन्हा हल्ला होईल हे गृहीत धरून काचांवर आतून सुरक्षा-फिल्म लावणारे पुष्कळ आहेत. फिल्म काच फुटू देते, पण तुकडे उडू देत नाही, आणि रात्री झोपायच्या खोलीत एवढं पुरेसं मोलाचं आहे.

छपरात शिफेर, म्हणजे अॅस्बेस्टॉस-सिमेंटचे नालीदार पत्रे, गावागावांत आहेत. फुटलेले पत्रे हातोडीने आणखी फोडून पोत्यांत भरणं ही नेहमीची चूक. धूळ फुप्फुसात जाते आणि तिचा परिणाम अनेक वर्षांनी दिसतो. पत्रे आधी पाण्याने भिजवायचे, शक्यतो अखंड उतरवायचे, करवतीने कापायचे नाहीत, साध्या कापडी मास्कऐवजी बारीक धूळ गाळणारा श्वसन-मास्क वापरायचा, आणि प्लास्टिकमध्ये गुंडाळून नगरपालिकेने सांगितलेल्या जागी टाकायचे. आग लागलेल्या घरात वासे वरून काळे दिसतात तेवढ्यावर निर्णय घेऊ नये. कोळसा खरवडून आतलं धड लाकूड किती उरलं ते मोजावं, आणि ते बारीक झालं असेल तर वासा बदलावा. आग विझवताना भिजलेल्या भिंतींवर लगेच नवा गिलावा मारला तर ओल आत अडकते. आधी छप्पर, मग खिडक्या, मग कित्येक आठवडे वारा, वायरिंगची तपासणी, आणि शेवटी गिलावा. पैसे कार्डावर आले म्हणून हा क्रम मोडू नका.

अपार्टमेंटमध्ये राहणाऱ्यांना एक वेगळीच अडचण येते. फ्लॅटचे पैसे फ्लॅटला मिळतात. इमारतीचं छप्पर, बाहेरची भिंत, जिना, उभ्या नळ्या यांची दुरुस्ती फ्लॅटमालकाच्या कार्डातून होत नाही, ती रहिवाशांची संस्था, देखभाल कंपनी किंवा नगरपालिका यांच्यामार्फत व्हावी लागते. वरच्या मजल्यावरच्या माणसाने आत नवं फरशीकाम केलं आणि इमारतीचं छप्पर अजून ताडपत्रीवर आहे, तर पहिल्या बर्फात सगळं भिजतं. संस्थेच्या बैठकीत छपराचं काम कधी होणार हे लेखी विचारा आणि आपल्या फ्लॅटचं काम त्यानंतर लावा. ज्यांनी वाट न पाहता स्वखर्चाने दुरुस्ती केली त्यांच्यासाठीही नंतर मार्ग निघाला आहे, पण त्याला आधीचे फोटो, पावत्या आणि करार लागतात.

नष्ट झालेल्या घरासाठी मिळतं ते प्रमाणपत्र. त्यावर रक्कम असते, ती त्या भागातला सरकारी चौरस मीटर-दर आणि घराचं क्षेत्रफळ यावरून निघते, आणि १५० चौरस मीटरच्या वरचं क्षेत्रफळ मोजत नाहीत. या प्रमाणपत्रावर देशात, सरकारच्या ताब्यातल्या कोणत्याही भागात फ्लॅट किंवा घर घेता येतं. स्वतःच्या जमिनीवर बांधायचं असेल तर स्वतंत्र घराच्या मालकाला पैसे टप्प्याटप्प्याने खात्यावर घेण्याचा पर्याय आहे. घेतलेलं घर पाच वर्षं विकता येत नाही. घर पडलं तरी त्याखालची जमीन मालकाचीच राहते, हे अनेकांना सांगावं लागतं. प्रमाणपत्राचा व्यवहार नोटरीपुढे होतो आणि पैसे सरकार थेट विकणाऱ्याला देतं. अडचण विक्रेत्यांची आहे. काहींना सरकारी पैशाची वाट पाहायची नसते, काही प्रमाणपत्र म्हटलं की भाव वाढवतात. म्हणून घर निवडण्याआधीच विक्रेत्याला प्रमाणपत्र चालतं का हे विचारावं, आणि चालतं म्हणाला तर त्याच्या घराची नोंद इलेक्ट्रॉनिक नोंदवहीत आहे का हे लगेच पाहावं. २०१३ च्या आधीचा कागदी हक्क विक्रेत्याकडेही असू शकतो आणि मग या व्यवहारासाठी राखून ठेवलेल्या सरकारी पैशाची मुदत त्याच्या कागदांची वाट पाहण्यात जाते.

सेवेची सगळ्यात मोठी उणीव भूगोलाची आहे. रशियाच्या ताब्यात गेलेल्या मारिउपोल किंवा बाखमुतमधल्या घरी समिती जाऊच शकत नाही, म्हणून तिथले मालक वर्षानुवर्षं सेवेबाहेर राहिले. ताब्यातल्या भागातून आलेल्या विस्थापितांसाठी २० लाख रिव्नियाच्या घर-व्हाउचरचा मार्ग २०२५ च्या अखेरीस उघडला, पण सुरुवातीला फक्त युद्धात लढलेले आणि युद्धात अपंगत्व आलेले यांच्यासाठीच. घर गमावलेल्या बाकीच्या विस्थापितांना अजून थांबावं लागतं. मोडक्या खिडकीच्या मालकाला उत्तर मिळतं आणि ज्याचं सगळं गेलं तो रांगेत मागे राहतो, हे मला अन्यायाचं वाटतं, कारणं कितीही खरी असली तरी.

भरपाई घेताना मालक तेवढ्या रकमेपुरता रशियाविरुद्धचा दावा युक्रेन सरकारच्या नावे करतो. उरलेलं नुकसान मात्र मालकाचंच राहतं, आणि त्यासाठी हेग इथली युक्रेन नुकसान-नोंदवही आहे. ती युरोप परिषदेने मे २०२३ मध्ये स्थापन केली आणि एप्रिल २०२४ पासून पडलेल्या-मोडलेल्या घरांचे दावे दियामधूनच घेते. सरकारकडून पैसे मिळाले तरी हा दावा करावा. त्यात घराचं खरं नुकसान, खिशातून गेलेली मजुरी, समितीच्या यादीत न बसलेलं साहित्य हे सगळं लिहिता येतं. त्यासाठी पावत्या, करार, समितीचा अहवाल, दुरुस्तीआधीचे आणि नंतरचे फोटो एका फोल्डरमध्ये ठेवा, त्याची एक प्रत फोनबाहेर, दुसऱ्या शहरातल्या नातेवाइकाकडे.